पडद्यावरचा संत, रेडिओवरचा बिशप

संतांवरच्या चित्रपटांची एक सोय असते. आधी साधा माणूस दिसतो, मग एखादी घटना घडते आणि पुढच्या प्रसंगात तो संत झालेला असतो. मधला काळ कापून टाकलेला असतो. ‘रोमेरो’ हा १९८९चा इंग्रजी चित्रपट मी मोबाइलवर दोनदा पाहिला. दोन्ही वेळा डोळे भरून आले आणि दोन्ही वेळा हा कापलेला काळच खटकला.

गोष्ट एल साल्वादोरची, म्हणजे मध्य अमेरिकेतल्या एका चिमुकल्या देशाची. कॉफीचे मळे मोजक्या घराण्यांचे, त्यात राबणारे लाखो लोक बहुतेक भूमिहीन आणि सत्ता लष्कराच्या हातात. फेब्रुवारी १९७७मध्ये ऑस्कर रोमेरो राजधानी सान साल्वादोरचे आर्चबिशप झाले, तेव्हा मळेवाल्यांना हायसं वाटलं. हा पुस्तकी, भिडस्त माणूस त्रास देणार नाही, असा त्यांचा हिशोब होता. १२ मार्चला रोमेरोंचे मित्र फादर रुतिलियो ग्रांदे यांना रस्त्यात गोळ्या घातल्या गेल्या. गाडीतले एक म्हातारे गृहस्थ आणि एक किशोरवयीन मुलगाही मारले गेले. २४ मार्च १९८०ला खुद्द रोमेरोंचा खून झाला. मधल्या या तीन वर्षांवर दिग्दर्शक जॉन ड्युगन यांचा चित्रपट उभा आहे.

चित्रपट तोलून धरला आहे राउल हुलिया यांनी. ‘द अ‍ॅडम्स फॅमिली’तला मिशीवाला, नाचरा गोमेझ तुम्ही पाहिला असेल, तर हाच तो नट यावर विश्वास बसणार नाही. अंग चोरून चालणारा, बोलण्याआधी शब्द चाचपणारा रोमेरो त्यांनी उभा केला आहे. अगिलारेस गावातलं चर्च सैनिकांनी ताब्यात घेतलेलं असतं. रोमेरो आत जातात, तर एक सैनिक वेदीवर गोळ्या झाडतो. मग हा घाबरलेला माणूस जमिनीवर ओणवा होऊन विखुरलेल्या ख्रिस्तप्रसादाच्या चकत्या वेचू लागतो. हात थरथरतात, पण वेचणं थांबत नाही. घाबरलेल्या माणसाचं धाडस इतकं खरं फार कमी वेळा पाहायला मिळतं.

तरी माझी तक्रार आहे. चित्रपट सांगतो, मित्राच्या मृत्यूने एक निरुपद्रवी पुस्तकी किडा जागा झाला. खरे रोमेरो १९७७पूर्वी निरुपद्रवी नव्हते. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला ते धर्मप्रांताच्या साप्ताहिकाचे संपादक होते. जेझुइटांच्या एका नामांकित शाळेत मुलांना मार्क्सवाद शिकवला जातो, अशी टीका त्यातून झाली होती. म्हणजे लेखणी होती आणि ती चालतही होती, फक्त उलट्या दिशेने. पुढे १९७४मध्ये ते सांतियागो दे मारिया या कॉफीच्या पट्ट्यातले बिशप झाले. कापणीच्या दिवसांत मजूर थंडीत उघड्यावर झोपतात हे दिसल्यावर त्यांनी चर्चच्या इमारती उघडून दिल्या. जून १९७५मध्ये त्यांच्याच हद्दीतल्या त्रेस काय्येस या वस्तीत नॅशनल गार्डच्या जवानांनी शेतकऱ्यांना ठार मारलं. रोमेरो त्या घरांमध्ये गेले, सांत्वन केलं आणि राष्ट्राध्यक्षांना एक खासगी पत्र लिहिलं. जाहीरपणे काही बोलले नाहीत.

ते खासगी पत्र मला फार महत्त्वाचं वाटतं. पदावरच्या सज्जन माणसाची पहिली प्रतिक्रिया बहुधा अशीच असते. ‘मी वरती बोलतो’ हे आपण कॉलेजात, ऑफिसात, सोसायटीत किती वेळा ऐकतो! रोमेरोंनीही तो मार्ग आधी चोखाळला. त्याने काही होत नाही हे त्यांना कळलं, तेव्हा ते साठीच्या उंबरठ्यावर होते. चित्रपटातलं परिवर्तन विजेसारखं आहे, आणि विजेची वाट पाहत बसणं आपल्याला सोयीचं असतं. खऱ्या परिवर्तनाला वर्षं लागली. त्यात चुकीची बाजू घेणं होतं आणि अर्धवट धीरही होता. प्रभातच्या ‘संत तुकाराम’मध्ये (१९३६) जिजाई घरातल्या चुलीची आठवण देत राहते, म्हणून तुकोबांचे पाय मातीला टेकलेले राहतात. ‘रोमेरो’त हे काम कुणाकडेच नाही. ते रोमेरोंच्या स्वतःच्या भूतकाळाने केलं असतं.

दुसरी गोष्ट रेडिओची. आर्चबिशपची रविवारची प्रवचनं चर्चच्या ‘वायएसएएक्स’ केंद्रावरून देशभर ऐकली जात. ती अनेकदा तासाभराहून लांबत. त्यात बायबलच्या विवेचनानंतर आठवड्याच्या घडामोडी यायच्या: कुणाला उचललं, कुठे प्रेत सापडलं, कोण बेपत्ता आहे. नाव, गाव, तारीख. ही माहिती आपोआप येत नव्हती. बेपत्ता मुलांच्या आया आर्चबिशपच्या दारात येत. तरुण वकिलांच्या मदतकेंद्राला त्यांनी आपल्या कार्यालयाचं छत्र दिलं होतं. नोंदी घेतल्या जात, तपासल्या जात आणि मग रविवारी वाचल्या जात. वर्तमानपत्रं जे छापत नव्हती, ते या यादीत असे. फेब्रुवारी १९८०मध्ये ते रेडिओ केंद्र बाँबने उडवलं गेलं. यादीची भीती किती होती, हे यावरून कळतं.

पावणेदोन तासांच्या चित्रपटात अशी प्रवचनं मावणार नाहीत, हे उघड आहे. कॅमेऱ्याला गाजणारी वाक्यं हवी असतात, यादी कंटाळवाणी वाटते. पण बिशप म्हणून त्यांचं खरं काम ती यादीच होती. २३ मार्चला त्यांनी सैनिकांना आवाहन केलं: देवाच्या आज्ञेविरुद्धचा हुकूम पाळायला तुम्ही बांधील नाही, हे दमन थांबवा. त्यामागे तीन वर्षांच्या नोंदी होत्या.

आता शेवटचा प्रसंग. पडद्यावर रोमेरो चषक उंचावतात, गोळी सुटते आणि द्राक्षारस व रक्त एकत्र सांडतं. दृश्य जबरदस्त आहे, पण घडलं तसं नाही. एका वर्तमानपत्राच्या मालकाच्या आईच्या पहिल्या स्मृतिदिनाची ती मिस्सा होती, कॅन्सर रुग्णालयाच्या लहानशा चॅपलमधली. रोमेरोंचं प्रवचन नुकतंच संपलं होतं, तेवढ्यात दारातून गोळी आली. ध्वनिफितीत ती ऐकू येते. चषकामुळे मृत्यू विधीचा भाग बनतो, यज्ञासारखा. प्रत्यक्षात गोळी बोलणाऱ्या माणसाला घातली गेली, त्याच्या बोलण्यासाठी.

चित्रपटकर्त्यांची बाजूही मला समजते. कॅथलिक धर्मगुरू एलवूड कीसर यांनी हा चित्रपट काढला, तेव्हा एल साल्वादोरमधलं यादवी युद्ध चालूच होतं. चित्रपट आला त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तिथे सहा जेझुइट, त्यांची स्वयंपाकीण आणि तिची मुलगी लष्कराच्या गोळ्यांना बळी पडले. अशा वेळी जगाचं लक्ष वेधायला सरळ, ठळक गोष्टच लागते. आज परिस्थिती वेगळी आहे. १९९३मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सत्यशोधन आयोगाने या खुनाचा हुकूम देणाऱ्याचं नाव जाहीर केलं: रोबेर्तो दाबुइसोन, माजी मेजर. तो आधीच मेला होता, आणि अहवालानंतर काही दिवसांतच तिथल्या संसदेने सर्वांना माफी देणारा कायदा केला. २०१८मध्ये चर्चने रोमेरोंना संत घोषित केलं. संतपद मिळालं, पण खुन्यांना त्यांच्या देशात शिक्षा झाली नाही.

चित्रपट पाहाच, हुलियांसाठी पाहा. मग रोमेरोंचं एखादं प्रवचन शोधा, ती स्पॅनिशसोबत इंग्रजीतही छापली आहेत. त्यातला गाजलेला शेवट सोडा, मधली नावं वाचा. मला तिथे पोचायला वेळ लागला, आणि तिथेच हा बिशप मला खरा भेटला.