खेळणारं मूल की खेळाचा अभिनय? 'कालिया मर्दन' पुन्हा पाहताना

सावेडीत आमच्या घराखाली संध्याकाळी पोरं लगोरी खेळतात. परवा मी मोबाईल काढला आणि खेळच थांबला! दोघं कॅमेऱ्याकडे बघून हसायला लागले, तिसरा उगाच ऐटीत नेम धरून उभा राहिला. मूकपटांतल्या मुलांवर काम करायचं असेल, तर हीच अडचण तुम्हाला पावलोपावली येणार.

लुमिए बंधूंचा १८९५चा, एक मिनिटाहून छोटा चित्रपट घ्या. ऑग्युस्तने आपल्या लहानग्या आंद्रेला माशांच्या काचेच्या भांड्यापाशी धरलंय, कॅमेरा काका लुईचा. ती पाण्यात हात घालते. भांडं मोठ्यांनी मुद्दाम मांडलंय. मासे बघण्यातली तिची गंमत मात्र तिची स्वतःची आहे.

आता दादासाहेब फाळक्यांचा 'कालिया मर्दन' (१९१९) बघा. इथेही वडील आणि मुलगी. साधारण सात वर्षांची मंदाकिनी कृष्ण झाली आहे. पाणी उडवणं, लोणी चोरणं, सवंगड्यांचा दंगा, सगळं इतकं मोकळं वाटतं की पहिल्या मसुद्यात मी बिनधास्त लिहून टाकलं, 'त्या काळातली मराठी मुलं कशी खेळत, हे या चित्रपटातून कळते.' मार्गदर्शकांनी समासात एकच शब्द लिहिला: 'कशावरून?'

उत्तर चित्रपटाच्या सुरुवातीलाच होतं. कथेआधी फाळके मंदाकिनीचा नुसता चेहरा दाखवतात. त्यावरचे भाव बदलत जातात. मग ती कृष्णाच्या रूपात दिसते. म्हणजे दिग्दर्शक स्वतःच बजावतोय की हा अभिनय आहे, आणि मी तो भाग 'प्रस्तावना' म्हणून सोडून दिला होता!

मग हा पुरावा बाद का? तर नाही. प्रश्न बदला. 'मुलं कशी खेळत?' याऐवजी 'कुणाचा खेळ दाखवण्याजोगा वाटला?' असं विचारा. मंदाकिनीला पडद्यावर एवढा दंगा करता आला, तो कृष्ण म्हणजे मुलगा होऊन. तिच्या वयाच्या मुलींचे सागरगोटे, भातुकली यांची या कथेला गरजच नव्हती. माझ्या प्रबंधाचं एक प्रकरण आता याच प्रश्नावर उभं आहे.

तुम्हीही चित्रपट दोनदा बघा. एकदा कृष्णाकडे, आणि दुसऱ्यांदा फक्त त्याच्या आजूबाजूच्या पोरांकडे. जे दिसेल ते टिपून ठेवा. मात्र प्रत्येक नोंदीपुढे तो एक शब्द लिहायला विसरू नका: कशावरून?