मोल, माप आणि 'मी' : तीन आत्मकथनांच्या शीर्षकांविषयी

दलित आत्मकथनांविषयीच्या मराठी समीक्षेत 'वेदना', 'विद्रोह' आणि 'नकार' या संज्ञांचा वावर इतका सार्वत्रिक आहे, की संहिता वाचणे आणि संहितेवर या संज्ञांचे शिक्के उमटवणे यांतील भेद पुष्कळदा पुसट होतो. लेखकाने काय सोसले आणि काय झुगारले, हे या संज्ञांमधून कळते. परंतु त्याने स्वतःचे मोल कसे ओळखले आणि ते कोणत्या आधारावर प्रस्थापित केले, हा प्रश्न त्यांच्या कक्षेत येत नाही. तो येथे दया पवार यांचे 'बलुतं' (१९७८), शरणकुमार लिंबाळे यांचे 'अक्करमाशी' (१९८४) आणि ऊर्मिला पवार यांचे 'आयदान' (२००३) या तीन आत्मकथनांच्या अनुषंगाने उपस्थित करावयाचा आहे.

या तिन्ही शीर्षकांत एक साम्य आहे. 'बलुतं' म्हणजे गावकीच्या कामाबद्दल सुगीला मिळणारा धान्याचा वाटा. 'अक्करमाशी' म्हणजे बारा माशांचा तोळा भरण्यास एक मासा उणा पडलेला, अर्थात अनौरस. 'आयदान' म्हणजे बांबूपासून विणलेल्या सुपे-टोपल्यांसारख्या वस्तू. पहिला शब्द श्रमाच्या मोबदल्याचा, दुसरा वजनाचा, तिसरा हाताने घडवून बाजारात विकल्या जाणाऱ्या जिनसेचा. तिन्ही शब्द मोलाच्या व्यवहारातले आहेत. आत्मकथनाच्या मुखपृष्ठावर 'मी'च्या जागी असा शब्द यावा, हा केवळ बोलीच्या निवडीचा भाग मानता येत नाही. माणसाचे मोल कोण ठरवतो आणि कोणत्या मापाने, हा या कथनांच्या मुळाशी असलेला प्रश्न त्यातून सूचित होतो.

स्वमूल्याची जाणीव ही आपल्या वैचारिक परंपरेत निर्विवादपणे इष्ट मानली गेलेली नाही, हेही लक्षात घ्यावयास हवे. आज अभिमानाने उच्चारला जाणारा 'अस्मिता' हा शब्द योगसूत्रांत पाच क्लेशांपैकी एकाचे नाव आहे. संतपरंपरेने 'मीपण' गळून पडण्यात मुक्ती पाहिली. परंतु ज्याला गावाने 'मी' म्हणण्याची मुभाच दिली नाही, त्याच्यापाशी विसर्जित करावयास काय असणार? डॉ. आंबेडकरांच्या चळवळीत स्वाभिमान हा विषय नेहमी व्यवहाराच्या पातळीवर आला, तो यामुळेच. १९२७ च्या डिसेंबरात महाड येथे स्त्रियांपुढे बोलताना त्यांनी जात ओळखू येईल अशी वस्त्रे-आभूषणे टाकून देण्यास सांगितले. १९२८ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात त्यांनी महार वतनासंबंधीचे विधेयक मांडले. अंगावरचे लुगडे आणि खळ्यावरचा वाटा या दोन्ही ठिकाणी माणसाची किंमत दुसऱ्याने ठरवून ठेवली होती. आत्मकथनांनी हाच झगडा भाषेच्या पातळीवर पुढे नेला.

'बलुतं'मध्ये दगडू मारुती पवार सांगतो आणि शिकलासवरलेला दया पवार ऐकतो. या रचनेचा अर्थ सामान्यतः दुभंगलेपणाच्या दिशेने लावला जातो. तो चुकीचा नाही, पण अपुरा आहे. श्रोत्याला शिक्षणाने आणि नोकरीने जी पांढरपेशी प्रतिष्ठा मिळाली आहे, ती दगडूला झाकून ठेवण्याच्या अटीवर मिळाली आहे. अशा स्थितीत स्वतःचे मोल ओळखणे म्हणजे प्रतिष्ठेत भर घालणे राहत नाही. ज्याला लपवले त्याला बोलू देणे, असा त्याचा अर्थ होतो. 'दगडू' हे नावही एक मूल्यनिर्णयच आहे. कचरू, धोंड्या यांसारख्या नावांच्या पंक्तीत ते बसते. निवेदक हे नाव मिरवत नाही आणि टाकतही नाही. कथनाचा अधिकार त्या नावाकडे सोपवतो. शिवाय हा दगडू स्वतःला उजळून घेत नाही. स्वतःचा भित्रेपणा आणि पत्नीविषयीचा संशय यांची कबुली तो देतो. आपली लाज आपणच सांगण्याचा अधिकार हाच येथे आत्मसन्मानाचा पहिला आविष्कार ठरतो. बलुतं नावाने हक्क असले, तरी ते मागण्याची रीत याचनेची होती. कथनात मात्र निवेदक कोणाकडेही काही मागत नाही.

'अक्करमाशी'त प्रश्न अधिक तीव्र होतो, कारण उणेपण येथे थेट जन्माला चिकटवलेले आहे. आई महार, वडील पाटील. शाळेत बापाचे नाव काय लावावे, येथपासून अडचण. अशा निवेदकाने शिवी शीर्षकस्थानी ठेवणे हे आव्हान आहे, असे म्हणून समीक्षा थांबते. परंतु संहितेतील युक्तिवाद याहून सूक्ष्म आहे. 'मी अपूर्ण नाही' असे प्रतिपादन करण्याऐवजी निवेदक ज्या घरात वाढला त्या घराचे चित्र रंगवतो. संतामाय ही आजी आणि तिच्यासोबत राहणारा मुसलमान 'दादा' यांच्या नात्याला धर्माचा वा विवाहसंस्थेचा आधार नाही; तरीही पोराच्या पोटात घास आणि पाठीवर हात याच घरात पडतो. ज्या तराजूत हा पोर अकरा मासे भरतो, त्या तराजूत ही माया वजनच धरत नाही. मग दोष कोणाचा, हे वाचकाला निराळे सांगावे लागत नाही. पुढे याच लेखकाने 'दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र' (१९९६) या ग्रंथात प्रस्थापित समीक्षेची मापे नाकारून समता, स्वातंत्र्य, न्याय यांच्याशी निगडित वेगळ्या निकषांची मागणी केली. या मागणीचे बीज आत्मकथनाच्या शीर्षकातच आहे, असे म्हणता येईल.

'आयदान'मध्ये मोलाची दिशा बदलते. नवऱ्याच्या मृत्यूनंतर टोपल्या विणून संसार ओढणारी आई येथे केंद्रस्थानी आहे. लेखिका आईच्या विणण्याशी आपल्या लेखनाचे नाते जोडते. रूपक म्हणून हे नाते आकर्षक आहेच, पण त्यामागे एक मूल्यविधानही आहे: ज्या कामाला बाजार चार आणे देतो आणि साहित्यव्यवहार काहीच देत नाही, ते काम लेखनाच्या तोडीचे ठरवले जाते. स्वतःचे मोल ओळखण्याची वाट येथे दुसऱ्या स्त्रीचे मोल ओळखण्यातून जाते. मीनाक्षी मून यांच्यासह 'आम्हीही इतिहास घडवला' (१९८९) लिहून आंबेडकरी चळवळीतील स्त्रियांचा सहभाग नोंदवणाऱ्या लेखिकेला हे सुचावे, हे स्वाभाविक होते. मात्र याच आत्मकथनात, तिच्या शिकण्याला आणि लिहिण्याला घरातूनच झालेला विरोधही येतो. जातीच्या मापाविरुद्ध उभा असलेला पुरुष घरात दुसरे माप वापरतो, हे सांगताना लेखिका आपल्या माणसांची गय करत नाही. स्वतःच्या माणसांवर टीका करण्याइतका विश्वास ज्या आत्मसन्मानात आहे, तोच प्रौढ म्हणावयाचा.

यावर एक आक्षेप संभवतो. शिक्षण, नोकरी, पुस्तक आणि पुरस्कार या पायऱ्यांनी जाणारी आत्मकथने अखेरीस मध्यमवर्गीय यशोगाथाच ठरत नाहीत काय? काही अनुकरणात्मक कथनांबाबत हा आक्षेप खरा आहे. तेथे गावाचा तराजू जातो आणि कचेरीचा येतो. तोलणारा बाहेरचाच राहतो. प्रस्तुत तीन संहिता या आक्षेपातून सुटतात, कारण निवेदकाला वर चढवण्यापेक्षा मापाचीच तपासणी करण्याकडे त्यांचा कल आहे.

याचा संबंध आपल्या अध्यापनाशीही आहे. ही पुस्तके विद्यापीठीय अभ्यासक्रमांत आली, त्यांवर प्रश्न निघू लागले, आणि 'दुःखाचे चित्रण स्पष्ट करा' या साच्यात उत्तरे लिहिली जाऊ लागली. अशा वाचनात वाचक कळवळतो, परंतु तोलणाऱ्याच्या जागेवरून उठत नाही. 'उपरा', 'उचल्या' ही शीर्षकेही दुसऱ्यांनी लावलेल्या नावांचीच आहेत. त्यांच्याकडे याच दृष्टीने पाहिले, तर आत्मकथनाला 'अनुभवाचा दस्तऐवज' म्हणून बाजूस ठेवण्याची सोय उरणार नाही. दगडू बोलत असताना दया पवार ऐकत होता. त्याच्या शेजारी बसून ऐकणे हे समीक्षेचे पहिले काम आहे.