'वैतरणा' आणि 'वीजळी' : बुडालेल्या एका आगबोटीची दोन नावे

कच्छमधील मांडवी बंदरातून ८ नोव्हेंबर १८८८ रोजी मुंबईकडे निघालेली एक आगबोट मुंबईस पोहोचली नाही. तिचे कागदोपत्री नाव 'वैतरणा'. स्कॉटलंडमधील ग्रेंजमथच्या गोदीत १८८५ साली बांधलेली, जेमतेम १७० फूट लांबीची ही बोट मुंबईच्या शेफर्ड कंपनीच्या मालकीची होती. मांडवीहून ती द्वारकेस आली, तेथे आणखी उतारू चढले. समुद्र खवळल्यामुळे पोरबंदरला न थांबता तिने पुढची वाट धरली. मांगरोळच्या परिसरात ती शेवटची दिसली, असे सांगतात. बोटीवर ७४० हून अधिक माणसे होती. त्यांत लग्नाची वऱ्हाडे होती, मुंबईस मॅट्रिकच्या परीक्षेला बसायला निघालेली मुलेही होती. शोधासाठी पाठविलेल्या बोटी रिकाम्या हातांनी परतल्या. एक फळकूटदेखील सापडले नाही. चौकशीत बोटीवर जीवरक्षक होड्या आणि साधने पुरेशी नव्हती, एवढे मात्र उघड झाले.

इतिहासाने नोंदविले ते इतके. लोकांनी मात्र या बोटीला पहिल्यापासून दुसरेच नाव दिले होते. तिच्यावर विजेचे दिवे होते, म्हणून ती 'वीजळी'. आणि बोट बुडाल्यावर गुजराती भाषेने तिच्यावर एक विलापगीत रचले, ते आजही सौराष्ट्र-कच्छात 'हाजी कासमची वीजळी' म्हणून ओळखले जाते. झवेरचंद मेघाणी यांनी ते 'रढियाळी रात' या आपल्या लोकगीतसंग्रहात घेतले. त्याआधी दुर्लभजी श्यामजी ध्रुव आणि भिखाराम सावजी जोशी या दोघांनी 'वीजळी विलाप' याच नावाची पद्यपुस्तके प्रसिद्ध केली होती. पुढे गुणवंतराय आचार्य यांनी याच विषयावर कादंबरी लिहिली. परंतु या सर्वांत टिकले ते कर्त्याचे नाव नसलेले गीत. ते का टिकले, आणि मराठीत त्याच्या तोडीचे काही का उभे राहिले नाही, हे दोन प्रश्न मला बरीच वर्षे सोबत करीत आहेत.

गीताचा आशय पाहू. उतारू घड्याळाची वेळ पाहून तिकिटे काढतात. भुज-अंजारची वऱ्हाडे निघतात. वारे सुटतात. साहेबाची आगबोट वाटेत भेटते आणि बोट परत फिरव म्हणून सांगते; कप्तान नकार देतो, कारण परत फिरणे ही त्याला आपल्या भूमीची लाज वाटते. दुर्बीण लावून तो पाहतो, तो पाण्याला पार नाही. काचेच्या बाटलीत चिठ्ठी घालून ती मुंबईस धाडली जाते. हिंदू आणि मुसलमान आपापले नवस बोलतात. इकडे मुंबईत मांडव घातलेले आहेत, ओंजळीने साखर वाटली जात आहे, ढोल वाजत आहेत, हळद लागलेल्या मुली वाट पाहत आहेत. मग तारा सुटतात. वाणी वाचतो, भाटिया वाचतो आणि घराघरांत रडारड सुरू होते.

तिकीट, घड्याळ, कोळसा, दुर्बीण, तार हे सारे या गीतात आहे. नवे यंत्रयुग लोकगीताच्या जुन्या ठेक्यात आले आहे, आणि कोठेही ठेच लागत नाही. ज्यांना लोकसाहित्य म्हणजे केवळ जाते, माहेर आणि पंढरी एवढेच वाटते, त्या अभ्यासकांनी ही रचना अवश्य पाहावी. तिच्या बांधणीत आणखी एक गोष्ट आहे. वादळाचे वर्णन आटोपशीर आहे. खरा विस्तार मुंबईच्या मांडवांचा आहे. समुद्रात काय घडले हे कोणीच पाहिले नव्हते. पाहिले होते ते वाट पाहणे. गीत जे ठाऊक आहे त्यावर थांबते आणि जे ठाऊक नाही ते झपाट्याने सांगून मोकळे होते. ही मला त्याची फार मोठी वाङ्मयीन सचोटी वाटते.

तरीही हे गीत सर्वस्वी खरे बोलत नाही. मृतांचा आकडा ते तेराशे सांगते. नोंदी त्याच्या जवळजवळ निम्म्यावर थांबतात. या अतिशयोक्तीचे मला विशेष वाटत नाही, तो लोकरचनेचा स्वभावच आहे. अडचण वेगळीच आहे. गीतात शहाणा इशारा देतो तो साहेब, आणि हट्टाने बोट पुढे नेतो तो कासम. पोरबंदरचे प्रशासक लेली यांनी बोटीला निघू नये असे बजावले होते, ही आख्यायिकाही याच वळणाची. बोट पोरबंदरला थांबलीच नसेल, तर तिला आधार उरत नाही. पुढे गीतातली माणसे बोटीला दोष देतात, तेव्हा बोटच उत्तर देते की अपराध माझा नाही, सटवाईने लिहिले तेच झाले. म्हणजे दोष कप्तानावर येतो, बोटीवर येतो, शेवटी कपाळावर येतो. होड्या अपुऱ्या ठेवणाऱ्या मालकांपर्यंत तो पोहोचतच नाही. गीताची नायिका म्हणून आपण ज्या बोटीवर माया करतो, तिच्या मायेतच ही सुटका दडलेली आहे. मेघाणींच्या संग्रहावर लिहिताना हा मुद्दा बाजूला ठेवला जातो. तो ठेवू नये असे माझे मत आहे.

आता मराठी बाजू. ज्या नदीचे नाव त्या बोटीला दिले, ती त्र्यंबकच्या डोंगरातून निघून अर्नाळ्याच्या उत्तरेस समुद्राला मिळते. मराठी कानाला 'वैतरणा' म्हटले की 'वैतरणी' आठवतेच, आणि गाईचे शेपूट धरून ओलांडायची ती नदी एका उतारू बोटीच्या नाळेवर कोणी कशी रंगविली, याचे नवल वाटते. बोटीचे मालक मुंबईचे, बोट जाणार होती ती मुंबईला. त्याच १८८८ साली मुंबईत व्हिक्टोरिया गोदी सुरू झाली. त्याआधी ससून गोदी १८७५ मध्ये, प्रिन्सेस गोदी १८८० मध्ये. मुंबईत बांधलेली 'ह्यू लिंडसे' ही आगबोट १८३० मध्येच सुवेझला जाऊन आली होती. गोविंद नारायण माडगांवकरांचे 'मुंबईचे वर्णन' (१८६३) वाचताना या बंदराचा उत्साह पानोपानी जाणवतो. शेफर्ड कंपनीच्याच बोटी कोकणच्या बंदरांनाही लागत. तेव्हा हा विषय मराठीला परका नव्हता.

परका होता तो त्या बोटीच्या डेकवर बसलेला माणूस. आपल्या कवितेतला समुद्र पाहा. सावरकरांच्या 'सागरा प्राण तळमळला' या १९०९ च्या कवितेत तो मातृभूमीपासून तोडणारा आहे. कुसुमाग्रजांच्या 'कोलंबसाचे गर्वगीत' मध्ये तो जिंकायचा आहे. तेथे बोलतो तो नौकेचा नायक, आणि त्याचे बोलणे आहे समुद्राशी. ('विशाखा' १९४२ मध्ये आली, त्या काळाला असाच आवाज हवा होता.) गुजराती गीत मात्र समुद्राशी बोलत नाही, ते कासमशी बोलते, आणि 'तुझी वीजळी' असे म्हणते. हे संबोधन तक्रारीचे आहे आणि घरोब्याचेही. आपल्या कोकणी कथा-कादंबऱ्यांत आगबोट येते ती चाकरमान्याला घेऊन. बंदरात भोंगा वाजतो, पडाव पुढे सरसावतात, ट्रंका उतरतात. ते चित्र सुंदर आहे. पण ती पोहोचलेली बोट आहे.

न पोहोचलेल्या बोटी आपल्याकडे कमी नव्हत्या. ११ नोव्हेंबर १९२७ रोजी 'तुकाराम' आणि 'जयंती' अशा दोन बोटी एकाच दिवशी बुडाल्या. १७ जुलै १९४७ रोजी सकाळी भाऊच्या धक्क्यावरून रेवसकडे निघालेली 'रामदास' काश्याच्या खडकाजवळ उलटली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. स्वातंत्र्याला २९ दिवस उरले होते. मुंबईला लागून असलेल्या समुद्रात, घरी निघालेली कोकणातली माणसे बुडाली; पण फाळणीच्या आणि सत्तांतराच्या वार्तांखाली ती वार्ता दबली. पोवाड्यासारखा घटना सांगणारा प्रकार मराठीजवळ होता, शाहीरही होते. त्यांचे डफ तेव्हा स्वातंत्र्यासाठी आणि पुढे संयुक्त महाराष्ट्रासाठी वाजत होते. त्याबद्दल त्यांना बोल लावणे योग्य नव्हे. मात्र पुढील लेखकांकडे तेवढी सबब नाही.

हे मी समुद्रापासून फार दूर, जबलपूरच्या विजय नगरात बसून लिहीत आहे. येथले पाणी नर्मदेचे, आणि तेही भडोचला पोहोचेपर्यंत फार वाट चालते. 'वीजळी'चे गीत मी पुस्तकात वाचण्याआधी येथेच ऐकले, विडीच्या धंद्यानिमित्त पिढ्यांपूर्वी जबलपुरात आलेल्या एका गुजराती कुटुंबातील वृद्ध बाईंकडून. त्यांनी समुद्र पाहिलेला नव्हता. साखर वाटण्याच्या जागी येऊन त्या थांबल्या, पदराने डोळे टिपले आणि मग पुढचे म्हणाल्या. अलिबागच्या बाजूची, 'रामदास'मध्ये आप्त गमावलेली माणसेही मला भेटली आहेत. त्यांच्याजवळ तारीख होती, माणसांची नावे होती, रेवसच्या कोळ्यांनी मुंबईस मासळी घेऊन निघालेल्या आपल्या बोटी वळवून किती जणांना वर ओढले त्याच्या हकिगती होत्या. एक लहान मुलगा पोहत, तरंगत गेटवेपर्यंत आला आणि तेव्हा कोठे मुंबईला बातमी कळली, हेही त्यांनी सांगितले. गीतातली काचेच्या बाटलीतली चिठ्ठी मला तेव्हा आठवली. हे सारे त्यांनी गद्यात सांगितले, आणि सांगून झाल्यावर ती माणसे बराच वेळ गप्प बसून राहिली.