सोनेरी झाक आणि ओले रस्ते

ऑगस्ट २०१२ मध्ये ‘डार्क सोल्स’ पीसीवर आला, तेव्हा सेटिंगमध्ये रिझोल्यूशन कितीही वर नेलं तरी गेम आतल्या आत १०२४ बाय ७२० एवढंच चित्र काढायचा आणि ते ताणून पडदाभर पसरवायचा. कन्सोलवरचा माल घाईघाईत पीसीवर आणून टाकलेला. ‘ड्युरांटे’ या टोपणनावाने ओळखल्या जाणाऱ्या पीटर थोमन या प्रोग्रामरने काही तासांतच ‘डीएसफिक्स’ नावाचा छोटासा मॉड लोकांच्या हाती दिला आणि गेम पडद्याच्या खऱ्या रिझोल्यूशनवर चालू लागला. पुढे त्यात कडांच्या पायऱ्या मोडणारा एसएमएए आला, सांदीकोपऱ्यांत सावली भरणारा एसएसएओ आला. कंपनीने करायचं काम एका बाहेरच्या माणसाने करून दाखवलं. पीसी गेमच्या चित्रावर बाहेरून हात फिरवण्याच्या या कलेची बाजू मांडायची, तर याहून भक्कम साक्षीदार नाही. पण याच यशाने एक समजही रुजवला: बाहेरून हात लागला की चित्र सुधारतंच. ही कला अजून त्या समजाचं ओझं वाहते आहे.

यातली यंत्रणा तशी साधी आहे. चित्र काढण्यासाठी गेम विंडोजकडे डायरेक्टएक्सची फाइल मागतो, आणि ती शोधताना आधी गेमचं स्वतःचं फोल्डर चाचपलं जातं. तिथे त्याच नावाची दुसरी फाइल ठेवली, की गेम मुकाट्याने ती उचलतो. ही तोतया फाइल गेमच्या सगळ्या मागण्या खऱ्या फाइलकडे पोचवत राहते; फक्त प्रत्येक तयार फ्रेम पडद्यावर जाण्याआधी क्षणभर अडवते आणि तिच्यावर आपले शेडर, म्हणजे बिंदूंचे रंग ठरवणारे छोटे प्रोग्राम, चालवते. रीशेडसारख्या अवजाराच्या हाती त्या क्षणी मुख्यतः दोन गोष्टी असतात. एक म्हणजे रंगवून पूर्ण झालेलं चित्र आणि दुसरी म्हणजे डेप्थ बफर, म्हणजे प्रत्येक बिंदू कॅमेऱ्यापासून किती लांब आहे याची नोंद. हा दिवा आहे, ही खिडकी, बाहेर सूर्य मावळतोय, यातलं त्याला काही ठाऊक नसतं. त्याला दिसतात ते ठिपके आणि त्यांची अंतरं.

या आंधळेपणाची किंमत कुठे मोजावी लागते ते पाहायचं तर आरटीजीआय हा शेडर घ्यावा. ‘मार्टी मॅकफ्लाय’ या नावाने शेडर लिहिणाऱ्या पास्कल गिल्शरने २०१९ मध्ये तो आणला, आणि त्या वर्षी त्याचा बराच गाजावाजा झाला. एखाद्या जुन्या गेममध्ये पांढऱ्या भिंतीशेजारी लाल पडदा असेल, तर हा शेडर पडद्याचा लालसर उजेड भिंतीवर उतरवतो. ज्या इंजिनाला परावर्तित प्रकाश म्हणजे काय हेच माहीत नाही, त्याच्या चित्रात हे घडताना पाहून पहिल्यांदा थक्क व्हायला होतं. मग कॅमेरा थोडा वळवावा. लाल पडदा चौकटीबाहेर गेला की भिंतीवरची लाली विरून जाते, कारण जे स्क्रीनवर नाही ते या शेडरसाठी जगातच नाही. गेममधला नकाशा आणि अक्षरं यांचंही तेच. फ्रेम पुरी झाल्यावर हात फिरवायचा म्हटलं की ती त्याच चित्राचा भाग असतात. धार वाढवली की अक्षरांच्या कडेला पांढरी किनार उमटते, आणि दूरचं धूसर करायला गेलं की कधी कधी नकाशाच धूसर होतो.

दुसरी मर्यादा शुद्ध अंकगणिताची आहे. साध्या मॉनिटरवर जाणाऱ्या चित्रात लाल, हिरव्या आणि निळ्या रंगाच्या प्रत्येकी २५६ पायऱ्या असतात. गेमने आकाश त्या पायऱ्यांत बसवलं, की बाहेरून कॉन्ट्रास्ट कितीही ताणला तरी नव्या पायऱ्या निर्माण होत नाहीत. असलेल्या पायऱ्यांमधलं अंतर तेवढं वाढतं. संध्याकाळच्या आकाशात पट्टे दिसू लागतात ते यामुळे. ते झाकायला वेगळा शेडर मिळतो आणि तो बारीक गोंगाट मिसळून पट्टे पुसट करतो. काळ्या भागाचं तर विचारूच नका. गुहेतला अंधार ‘गडद’ करण्याच्या नादात सर्वांत खालच्या पायऱ्या एकदा शून्यावर चेपल्या की तिथला दगड, शेवाळ, कोपऱ्यात दबा धरून बसलेला शत्रू हे सगळं कायमचं जातं.

एवढ्या मर्यादा माहीत असूनही या कलेत जे सर्वांत जास्त पाहिलं जातं, ते नेमकं या मर्यादा धाब्यावर बसवणारं काम आहे. ‘जीटीए फाइव्ह’चे ‘फोटोसारखे’ म्हणवले जाणारे व्हिडिओ पाहा. रस्ते कायम ओले, प्रत्येक खड्ड्यात निऑनचं प्रतिबिंब, गाड्या नुकत्या पॉलिश करून आणलेल्या. त्यावर भिंगातले दोष वरून लावलेले: कडांना जांभळी-हिरवी फाटलेली किनार, कोपऱ्यांत काळोखी, फिल्मचे दाणे. छायाचित्रकार ज्या दोषांतून सुटायला महागड्या लेन्स घेतात, ते इथे मुद्दाम शिंपडले जातात. लग्नाच्या अल्बममध्ये नवरीला तीन छटा गोरी करून देणारा स्टुडिओवाला आपल्याला परिचयाचा आहे. शेडरांच्या तयार मांडण्यांची, म्हणजे प्रीसेटांची, अभिरुची बहुतेक त्याच्याच दुकानातली.

‘खरं दिसणं’ म्हणजे कुठलं खरं, हा प्रश्न २०२१ मध्ये इंटेलच्या संशोधकांनी नकळत उघडा पाडला. ‘जीटीए फाइव्ह’च्या फ्रेम त्यांनी यंत्राला दिल्या आणि खऱ्या रस्त्यांच्या छायाचित्रांसारख्या करून मागितल्या. त्यासाठी वापरलेला एक मुख्य संग्रह होता ‘सिटीस्केप्स’ आणि त्यातले बहुतेक रस्ते जर्मन शहरांमधले. निकाल खरोखरच फोटोसारखा आला. पण लॉस एंजेलिसवरून बेतलेल्या शहराचा तापलेला, पिवळसर उजेड गेला, रंग ढगाळ आणि फिके झाले, कोरड्या टेकड्यांवर हिरवळ उगवली. यंत्राने चूक काहीच केली नाही. त्याने जे वास्तव पाहिलं होतं ते मध्य युरोपातलं होतं. रीशेडचा स्लायडर सरकवणारा हौशी माणूसही असंच काहीतरी करत असतो. फक्त त्याचा ‘सिटीस्केप्स’ डोक्यात असतो आणि बहुतेक वेळा तो हॉलिवूडच्या ट्रेलरांनी भरलेला असतो.

या कलेचा इतिहास ज्या एका गेममधून सगळाच्या सगळा वाचता येतो तो म्हणजे ‘जीटीए सॅन अँड्रियास’. बोरिस वोरोन्त्सोव या रशियन प्रोग्रामरची ‘ईएनबी सिरीज’ २००७ च्या सुमाराला याच गेमवर सुरू झाली: गाड्यांवर प्रतिबिंबं, दिव्यांभोवती प्रभा, सावल्या. हाच ईएनबी पुढे ‘स्कायरिम’मध्ये पोचला आणि बराच प्रौढ झाला. तो नुसता तयार फ्रेमवर चालत नाही, इंजिनात खोलवर हात घालतो. त्यामुळे त्याला पहाट, दुपार, रात्र, पाऊस, घराच्या आतला उजेड यांतला फरक कळतो आणि प्रत्येकासाठी वेगळी मांडणी करता येते. चांगल्या ईएनबी प्रीसेटमागे महिनोन्महिन्यांचं काम असतं, हे मान्यच केलं पाहिजे.

आता गंमत अशी की सॅन अँड्रियास मुळात ऑक्टोबर २००४ मध्ये प्लेस्टेशन २ वर आला तेव्हा त्याच्या चित्रावर आधीच एक रंगप्रक्रिया चढवलेली होती. गेममधल्या लॉस सँटोस शहरावरचं नारिंगी धुरकट आभाळ तिच्यामुळे होतं. जून २००५ मध्ये पीसीवर आलेल्या आवृत्तीत ही प्रक्रिया नीट उतरलीच नाही. चित्र स्वच्छ आणि कोरडं झालं. आपल्याकडे सायबर कॅफेत तासावर पैसे मोजून ज्यांनी गेमच्या नायकाला, सीजेला, सायकलवर फिरवलं, त्यांनी हीच कोरडी आवृत्ती पाहिली. अनेकांच्या आठवणीतला ‘मूळ’ सॅन अँड्रियास मुळात मूळ नव्हेच. मग ‘स्कायजीएफएक्स’ नावाचा मॉड आला. त्याने काही नवं जोडलं नाही. प्लेस्टेशनवरची प्रक्रिया जशी चालत होती तशी पीसीवर पुन्हा उभी केली. आभाळ मळकं झालं आणि शहर एकदम मोठं वाटू लागलं. हे मोठेपण धुरकटपणाचंच देणं होतं, ते नोव्हेंबर २०२१ च्या ‘डेफिनिटिव्ह एडिशन’ या अधिकृत नव्या आवृत्तीने उलट्या बाजूने सिद्ध केलं. धुकं हटल्यावर डोंगरावरून अख्खा नकाशा दिसायला लागला आणि तीन शहरांचं राज्य एखाद्या तालुक्याएवढं भासू लागलं. तीन वर्षांनी, नोव्हेंबर २०२४ मध्ये, जुन्या धर्तीच्या प्रकाशयोजनेचा पर्याय अधिकृत अपडेटमधून द्यावा लागला.

‘ड्यूस एक्स: ह्युमन रिव्होल्यूशन’ची गोष्ट याच घराण्यातली. २०११ च्या मूळ गेमवर काळ्या-सोनेरी रंगांची ठाम छाप होती, आणि ती अनेकांना खुपत होती. सोनेरी झाक काढून टाकणारे मॉड निघाले. २०१३ च्या ‘डायरेक्टर्स कट’मध्ये निर्मात्यांनीच ती झाक काढली. चेहरे निरोगी दिसू लागले, खोल्या नेहमीच्या खोल्यांसारख्या. आणि मग ती झाक परत आणणारा मॉड निघाला, कारण तिच्याशिवाय तो गेम इतर दहा गेमांसारखा दिसत होता. मला स्वतःला त्या झाकेत फार वेळ बसवत नाही, डोकं जड होतं. तरी बाजू घ्यायची तर परत आणणाऱ्याची घेईन.

जुन्या नळीच्या टीव्हीचं चित्र पुन्हा उभं करणारे सीआरटी शेडर लिहिणाऱ्यांना पाहणं तर मला कधीही अधिक आवडतं. १९९१ च्या ‘सॉनिक’मधला धबधबा आजच्या मॉनिटरवर उभ्या रेघांची जाळी दिसतो. त्या काळच्या टीव्हीला कॉम्पोझिट केबलने जोडलं की त्या रेघा एकमेकींत मिसळायच्या आणि पाणी पारदर्शक वाटायचं. ‘सीआरटी-रॉयाल’सारखा शेडर काचेवरची फॉस्फरची नक्षी आणि प्रभेचा पसरटपणा असं एकेक गणिताने उभं करतो, केबलचा दोष उभा करणारे शेडर वेगळे, ते त्याच्यासोबत लावतात. हे लोक चित्र बिघडवायलाच बसलेले असतात, पण काय बिघडवायचं आणि का, हे त्यांना नेमकं ठाऊक असतं.

साध्या कामांचीही कदर करायला हवी. एएमडीने २०१९ मध्ये धार वाढवण्याचं एक गणित खुलं केलं, सीएएस, आणि ते लगेच रीशेडमध्ये आलं. ज्याच्या लॅपटॉपला वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही त्याने गेम ९०० ओळींवर चालवावा, पडद्यावर ताणावा आणि वर हा एकच शेडर लावावा. चित्र नेटकं होतं, फ्रेमही फारशा पडत नाहीत. अशा प्रीसेटचे व्हिडिओ कुणी करत नाही.

अवजारांवरच्या विश्वासाचा प्रश्न २०२३ च्या फेब्रुवारीत चव्हाट्यावर आला. ‘फायनल फँटसी फोर्टीन’ खेळणाऱ्यांत रीशेडपासून फुटून निघालेलं ‘जीशेड’ फार चालत होतं. ते अपडेट न करता वापरण्याची सोय एका तरुण प्रोग्रामरने केली, तेव्हा जीशेडच्या कर्त्याने चिडून त्यात असा कोड घातला की सोय वापरणाऱ्याचं मशीन आपोआप रीस्टार्ट व्हावं. लोक घोळक्याने रीशेडकडे परतले, जिचा कोड कुणालाही वाचता येतो. रीशेडची सावधगिरीही नोंदवण्याजोगी आहे: तिची साधी आवृत्ती ऑनलाइन खेळात डेप्थ बफर बंद करते, नाहीतर भिंतीपलीकडचा प्रतिस्पर्धी शोधायला तोच पुरेल. एनव्हिडियाने २०१८ मध्ये ‘फ्रीस्टाइल’ आणून हे सगळं ड्रायव्हरमध्येच घेतलं आणि २०२२ मध्ये गिल्शरचे शेडरही त्यात घातले. चोरवाटेने आलेली कला आता पुढच्या दाराने घरात आली आहे.

तरी मला वाटतं, पुढचं काम तयार फ्रेमवर होणार नाही. ‘स्कायरिम’मध्ये ‘कम्युनिटी शेडर्स’ हा खुल्या कोडचा मॉड ईएनबीला पर्याय म्हणून उभा राहिला आहे. तो इंजिनाचे स्वतःचे शेडर बदलतो, त्यामुळे प्रकाश कुठून येतो हे त्याला विचारावं लागत नाही. ‘रेनोडीएक्स’ या मॉडची चाल त्याहून मार्मिक आहे. रीशेडच्या ॲड-ऑन सोयीवर बसून तो गेमचा तो नेमका शेडर बदलतो, जो आत मोजलेला विस्तीर्ण उजेड दाबून २५६ पायऱ्यांत कोंबत असतो. सूर्याची प्रखरता, वेल्डिंगची ठिणगी, बर्फावरची चकाकी हे सगळं गेमने आधीच मोजलेलं असतं. शेवटच्या पायरीला ते फेकून दिलं जातं. रेनोडीएक्स ते फेकू देत नाही आणि एचडीआर मॉनिटरपर्यंत पोचवतो. इफेक्ट म्हणून दाखवावं असं त्यात काही नाही. साध्या स्क्रीनशॉटमध्ये हा फरक उतरतही नाही, आणि मॉड निवडणारे अजून स्क्रीनशॉट बघूनच निवडतात.