एकट्याचे भोजन आणि त्याची भाषा

मासायुकी कुसुमी यांची कथा आणि जिरो तानिगुची यांची चित्रे असलेली ‘कोदोकु नो गुरुमे’ ही जपानी चित्रकथामाला १९९४ ते १९९६ या काळात प्रसिद्ध झाली. कथानक म्हणावे असे तीत फारसे नाही. गोरो इनोगाशिरा हा परदेशी वस्तूंचा व्यापारी. कामानिमित्त हिंडताना त्याला भूक लागते. तो एखाद्या साध्या भोजनगृहात शिरतो, एकटाच जेवतो आणि निघून जातो.

शीर्षकातील ‘कोदोकु’ हा शब्द प्रथम तपासला पाहिजे. केवळ ‘एकटा’ म्हणावयाचे तर जपानीत ‘हितोरी’ हा साधा शब्द आहे. ‘कोदोकु’त एकाकीपणाची व्यथा मिसळलेली असते. फ्रेंचमधून आलेल्या ‘गुरुमे’ची, म्हणजे खवय्याची, तिच्याशी गाठ घालण्यातच लेखकाचा मिस्किलपणा आहे.

ही माला म्हणजे एकांताचे स्तोत्र होय, असा समज सहज होतो. तो अपुरा आहे. गोरो उघड बोलतो ते बहुधा मागणी सांगण्यापुरते. मनात मात्र त्याचे बोलणे अखंड चालते. टोकियोतील सानया या मजूरवस्तीत तो डुकराचे परतलेले मांस मागवितो आणि सोबत त्याच मांसाचे सूपही. एकच जिन्नस दोनदा आल्याचे मागाहून ध्यानात येते. सोबती असता तर ही चूक थट्टेत विरली असती. येथे वक्ता तोच आणि श्रोताही तोच.

ओयामा येथील प्रकरणात हे स्वगत फुटून बाहेर येते. भोजनगृहाचा मालक परदेशी नोकराला गिऱ्हाइकांदेखत वाटेल तसे टाकून बोलतो. गोरोला घास गिळवेनासा होतो. तो निषेध करतो आणि अखेर मालकाचा हात पिरगाळतो.

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील दानविषयक सूक्तात (१०.११७) एकट्याने खाणाऱ्यास पापी म्हटले आहे. ‘पंगत’ आणि ‘पंक्तिप्रपंच’ हे शब्द वापरणाऱ्या मराठी वाचकास त्याची आठवण होणे साहजिक आहे. परंतु सूक्ताचा रोख दुसऱ्याच्या भुकेकडे पाठ फिरविणाऱ्यावर आहे; सोबतीवाचून जेवणाऱ्यावर नव्हे. या कसोटीवर गोरो निर्दोष ठरतो, कारण शेजारच्या माणसाची विटंबना पाहून त्याचे अन्न बेचव होते.

२०१२ पासूनच्या दूरचित्रवाणी मालिकेत भागाच्या अखेरीस स्वतः कुसुमी त्या भोजनगृहास भेट देतात. त्यामुळे पदार्थांचे कौतुक वाढते आणि ‘कोदोकु’ फिका पडतो. मूळ चित्रकथेत लेखक नायकाला एवढे सुख देत नाही. ओयामात मालकाचा हात सोडावयास गोरोला सांगतो तो नोकरच.