डांगदुट, लावणी आणि हरवलेला गळा

इंडोनेशियातल्या डांगदुट या संगीताचे नाव टवाळीतून आले. त्यातल्या तालवाद्यावर एक ‘डांग’ पडतो आणि मागोमाग घुमारेदार ‘दुत’. 1970च्या दशकाच्या सुरुवातीला शहरी सुशिक्षितांनी नाक मुरडत हे नाव ठेवले. गाणाऱ्यांनी ते मिरवले. हा ठेका पुष्कळसा आपल्याकडूनच गेलेला. मलायी वाद्यवृंदांनी मुंबईच्या चित्रपटगीतांतून तो उचलला. पुढे रोमा इरामाने त्यात रॉकची गिटार आणि इस्लामी उपदेश, दोन्ही घातले.

2003 साली याच रोमा इरामाने इनुल दारातिस्ताचा जाहीर निषेध केला. पूर्व जावातली ही मुलगी लग्नाच्या मांडवांत आणि गावच्या मंचांवर गायची. तिच्या कार्यक्रमांच्या चोरट्या व्हीसीडी देशभर फिरल्या. कंबरेच्या तिच्या फिरकीला लोकांनी दिलेल्या नावाचा अर्थ ‘गिरमिट चालवणे’ असा होतो. मराठी वाचकाला इथे गौतमी पाटील आठवेल: तेच आक्षेप, ज्येष्ठ कलावंतांची तीच नाराजी. गौतमीला तर जाहीर माफीही मागावी लागली.

साम्य इथवर. फरक असा, की इनुल नाचता नाचता गाते. मागे जिवंत वाद्यवृंद असतो. कोप्लो या जलद डांगदुटाच्या मंचावर पुरुष वर चढून गायिकेच्या हातात एकेक नोट देतात, त्याला ‘सावेर’ म्हणतात. ती गाण्याच्या मध्येच त्यांची नावे घेते आणि पुन्हा ओळीवर येते. आपल्या संगीत बारीतली दौलतजादा याहून निराळी नाही. पैसा ठेवणारा फर्माईश करतो, म्हणजे बैठकीचा क्रम पैसाच ठरवतो. पण ती ओळ किती वेळा फिरवायची, कुठे थांबून डोळ्यांनी अर्थ बदलायचा, हे बाईच्या हातात. यमुनाबाई वाईकर बसून अदा करीत. कंबरेचा प्रश्नच नव्हता.

आजच्या वाढदिवसाच्या मंचावर गाणे ध्वनिमुद्रित असते. सुपारी एकरकमी ठरते. नाचणारी गात नाही, त्यामुळे ओळ थांबवताही येत नाही. माझ्या मते लावणीचे खरे नुकसान इथे झाले आहे, आणि नेमके त्याबद्दल कोणी बोलत नाही. स्वातंत्र्यानंतर लगेच तमाशावर बंदी आली ती शब्दांवरून आणि हावभावांवरून. 2005 साली डान्सबार बंद झाले तेही नीतीच्या नावाखाली. 2019मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नोटा उधळण्याची मनाई कायम ठेवली, हातात बक्षिशी द्यायला मुभा दिली. नोट कशी द्यावी इथवर कायद्याचा विचार पोचला. समीक्षा मात्र अजून ‘ही लावणी आहे का?’ एवढेच विचारते. भूषण कोरगावकरांचे ‘संगीत बारी’ हे पुस्तक सन्माननीय अपवाद. डांगदुटवर विल्यम फ्रेडरिकने 1982मध्ये निबंध लिहिला, अँड्र्यू वाइन्ट्रॉबने 2010मध्ये ग्रंथ. दोघेही परदेशी, हे खरे. पण श्रोते कोण, ठेका कुठून आला, गाणे कोणाच्या जगण्याबद्दल बोलते, हे त्यांनी पाहिले.

आमच्या येवल्यात पैठणी घेणारे जाणते गिऱ्हाईक पदर उलटून बघते. हातमागाची असेल तर मागची बाजूही पुढच्यासारखीच स्वच्छ. सेमी असेल तर धागे दिसतात. लावणी कोणी अशी उलटून पाहत नाही. भोगी, संक्रांत, कर असे तीन दिवस गावात गच्च्यागच्च्यांवर पतंगांबरोबर ध्वनिवर्धक दणाणतात, त्यात लावण्याही असतात. गाणारी कोण, हे नाचणाऱ्या पोरांपैकी कोणी सांगू शकेल असे वाटत नाही. आणि ठेका? डोळे मिटून ऐकला तर कोप्लोपासून फार लांबचा नाही.

डांगदुटची अप्रतिष्ठा मात्र ओसरत गेली. 2018च्या आशियाई क्रीडास्पर्धांचे गीत वीया व्हालेन या डांगदुट गायिकेने गायले. इनुलने कराओकेच्या दालनांची साखळी काढली; तिथे दार लावून घेऊन गिऱ्हाईकच गाते.