न्यायमूर्ति राधाविनोद पाल यांचें टोकियो निकालपत्र : उद्धृत किती, वाचलें किती

जुनी पोथी हातीं आली म्हणजे ती कोणत्या पानांवर मळली आहे हें आपण प्रथम पाहतों. मळलेलें पान तें वाचलेलें पान, ही खूण या त्रैमासिकाच्या वाचकांस सांगावयास नको. न्या. पाल यांच्या निकालपत्राची कलकत्त्यास सन १९५३ सालीं छापलेली प्रत मला कांहीं वर्षांपूर्वीं एका ग्रंथसंग्रहांत पाहावयास मिळाली. तिचीं आरंभींचीं थोडीं पानें आणि अगदीं शेवटचीं दोन पानें बोटांनीं काळवंडलेलीं होतीं. मध्यंतरींचीं कित्येक जोडपानें कोणी फाडलींसुद्धां नव्हतीं. या ग्रंथाची गेल्या पाऊणशे वर्षांतील कीर्ति नेमकी त्या प्रतीसारखी आहे. प्रस्तुत टिपण त्या न फाडलेल्या पानांविषयीं आहे.

प्रकरणाची पूर्वपीठिका थोडक्यांत सांगतों. ता. १९ जानेवारी १९४६ रोजीं जनरल मॅकार्थर यांनीं सनद काढून टोकियो येथें आंतरराष्ट्रीय सैनिकी न्यायाधिकरण स्थापिलें. ता. ३ मे रोजीं काम सुरू झालें. आरोपी २८ व न्यायाधीश ११. आरोपींपैकीं दोघे मध्येंच वारले, एकाची बुद्धि भ्रमली. उरलेले पंचवीसही दोषी ठरले, आणि तोजो, मात्सुई, हिरोता आदिकरून सातजणांस ता. २३ डिसेंबर १९४८ रोजीं फांशी झाली. पाल यांनीं मात्र सर्व आरोपींस सर्व कलमांतून मुक्त करावें असें मत दिलें. तें टंकलिखित १२३५ पृष्ठांचें आहे. न्यायासनावरून बहुमताचा निकाल कित्येक दिवस वाचला गेला. हें मत वाचलें गेलें नाहीं, केवळ दप्तरीं दाखल झालें.

पाल हे मूळचे नदिया जिल्ह्यांतले, जन्म १८८६ चा. प्रथम गणिताचे अध्यापक, पुढें कलकत्ता हायकोर्टाचे न्यायाधीश व तेथील विद्यापीठाचे कुलगुरु. मनूच्या पूर्वींच्या हिंदु धर्मशास्त्राच्या इतिहासावर त्यांचा स्वतंत्र ग्रंथ आहे. यामुळें आम्हां संस्कृत शिकलेल्या मंडळींस त्यांच्याविषयीं सहजच आपलेपणा वाटतो. मीं स्वतः पस्तीस वर्षें वर्गांत त्यांचें नांव अभिमानानें घेतलें, आणि त्या सर्व काळांत निकालपत्राचीं वीस पानेंही वाचलेलीं नव्हतीं. हें प्रायश्चित्त म्हणून आधींच नमूद करून ठेवतों.

ग्रंथाचे सात भाग आहेत. विधीचा प्राथमिक प्रश्न, आक्रमक युद्ध म्हणजे काय, पुराव्याचे नियम, सर्वव्यापी कटाचा आरोप, न्यायाधिकरणाच्या अधिकाराची मर्यादा, शुद्ध अर्थानें युद्धगुन्हे, आणि शेवटीं शिफारस. यांपैकीं चौथा भाग सर्वांत मोठा. प्रसिद्धि मिळाली ती पहिल्या दोहोंस, आणि तींत अन्याय कांहीं नाहीं. सन १९२८ च्या पॅरिस करारानें युद्ध निषिद्ध मानलें हें खरें. पण आत्मसंरक्षण कशास म्हणावें याचा निर्णय प्रत्येक राष्ट्रानें आपल्याच हातीं ठेवला होता. ज्या नियमाचा अर्थ आरोपीनेंच लावावयाचा, त्याच्या भंगास दंडनीय अपराध कसें म्हणावें? आणि कृत्य घडल्यानंतर जेत्यानें सनद काढून तें अपराध ठरविलें, तर ती विधीची भाषा झाली, विधि नव्हे. हा पाल यांचा युक्तिवाद आजही घट्ट उभा आहे. खटला चालू असतांना फ्रान्स व नेदरलंड्स हीं न्यायासनावरील दोन राष्ट्रें व्हिएतनामांत व इंडोनेशियांत जुने मुलूख पुनः काबीज करण्यासाठीं लढत होतीं, हें ध्यानांत घेतलें म्हणजे त्या युक्तिवादामागची चीड समजते. हिंदुस्थानची स्वतःची स्थिति तर याहूनही चमत्कारिक. न्यायाधिकरण बसलें तेव्हां आपण परतंत्र, उठलें तेव्हां स्वतंत्र.

आतां सहावा भाग. पाल यांनीं जपानी सैन्याचीं क्रूर कृत्यें नाकारलीं, असा समज येथें आणि जपानांतही दृढ आहे. ग्रंथ तसें म्हणत नाहीं. नानकिंगविषयींच्या पुराव्यांत अतिशयोक्ति असूं शकते हें सांगून, ती सर्व वजा केल्यावरही तेथील सैनिकांचें वर्तन घोर होतें याविषयीं संशय उरत नाहीं, असा त्यांचा अभिप्राय आहे. बतान येथील कैद्यांच्या कूचाविषयीं त्यांची भाषा अशीच कडक आहे. जिंकलेल्या मुलखांतील प्रजा आणि युद्धकैदी यांच्यावर अत्याचार झाले, याचा पुरावा त्यांनीं जबरदस्त मानला. युद्धाच्या रूढ नियमांचा भंग करणाऱ्यावर खटला चालविण्याचा अधिकारही त्यांनीं नाकारला नाहीं. प्रत्यक्ष कृत्य करणाऱ्या पुष्कळांवर अन्यत्र खटले होऊन त्यांस देहान्त शिक्षा झाल्याचें ते नमूद करतात. त्यांचा प्रश्न एवढाच : टोकियोच्या पिंजऱ्यांत बसलेल्या या मंत्र्यांनीं व सेनापतींनीं तीं करविलीं काय, किंवा तीं थांबविण्याचें कर्तव्य बुद्धिपुरस्सर टाळलें काय? दोन्हीं प्रश्नांस त्यांनीं नकारार्थी उत्तर दिलें.

माझा मतभेद येथें सुरू होतो. बहुमताच्या निकालांतील आंकडे असे आहेत. जर्मनी व इटली यांच्या हातीं ब्रिटिश व अमेरिकन सैन्यांतले २,३५,४७३ कैदी लागले, त्यांतले ९,३४८ वारले, म्हणजे शेंकडा ४. जपानच्या हातीं १,३२,१३४ लागले, त्यांतले ३५,७५६ वारले, म्हणजे शेंकडा २७. दहा ठिकाणीं, दहा अधिकाऱ्यांच्या हाताखालीं आणि चार वर्षें एकच परिणाम दिसतो, तेव्हां तो सुटासुटा अपघात मानणें कठीण. पाल मात्र प्रत्येक घटना वेगळी तोलतात आणि प्रत्येक वेळीं विचारतात, हुकूम कोठें आहे? कटाच्या भागांत ही सावधगिरी शोभते, कारण तेथें फिर्यादी पक्ष अठरा वर्षांच्या राजकारणास एका दोऱ्यांत ओवूं पाहत होता. सहाव्या भागांत तीच सावधगिरी पुराव्यावर अन्याय करते. शरणागतीच्या सुमारास, ऑगस्ट १९४५ मध्यें, जपानी सरकारी व लष्करी दप्तरें पद्धतशीर जाळलीं गेलीं. कैद्यांच्या छावण्यांचे कागद नष्ट करावे व ज्यांनीं कैद्यांशीं दुर्वर्तन केलें त्यांनीं पसार व्हावें, अशी ता. २० ऑगस्टची तार न्यायाधिकरणापुढें होती. ज्या घरची बखर घरच्यांनींच चुलींत घातली, त्या घरीं कागद मिळत नाहीं म्हणून घटना झालीच नाहीं असें आपण या मंडळांत कधीं म्हणतों काय?

मात्सुईच्या बाबतींत पाल म्हणतात कीं, सेनापतीस शिस्तीच्या यंत्रणेवर विसंबण्याचा हक्क आहे. सामान्य काळीं आहेच. परंतु यंत्रणा मोडली आहे हें कानीं आल्यानंतरही तो हक्क उरतो काय, या प्रश्नाशीं ते फार थोडा वेळ थांबतात. ब्रह्मदेश-सयाम रेल्वेविषयीं तर त्यांची भूमिका मला सर्वांत दुबळी वाटते. सुमारें ४१५ किलोमीटरच्या त्या मार्गावर १९४२-४३ मध्यें सुमारें ६०,००० दोस्त कैद्यांपैकीं १२,००० हून अधिक मेले. मलायांतून नेलेले तामिळ मजूर व इतर आशियाई याच्या कितीतरी पट. कैद्यांस या कामावर लावण्याची जबाबदारी तोजोवर येते हें पाल कबूल करतात, आणि लगेच म्हणतात कीं हें राज्याचें कृत्य होय, स्वभावतः अपराध नव्हे. पहिल्या भागांतील विधिवेत्ता येथें एकाएकीं कारकून झाल्यासारखा वाटतो.

प्रतिबंध न करणें हाही दोष, ही कल्पना कांहीं १९४५ सालीं मॅनिला येथें जनरल यामाशितावरील खटल्यांत जन्मली नाहीं. कै. राजवाड्यांनीं प्रसिद्ध केलेलें, चिपळुणास हलवर्णी राहिलेल्या लष्कराच्या अधिकाऱ्यांस गेलेलें शिवछत्रपतींचें पत्र वाचकांस पाठ असेल. दाणावैरण आतांच बेपर्वाईनें संपवाल तर पुढें लोक कुणब्यांच्या घरांत शिरतील, आणि रयत म्हणेल याहून मोंगल बरे. उंदरानें पेटती वात नेली तरी आग लागेल. येथें कोणी लुटीचा हुकूम दिलेला नाहीं. अधिकाऱ्यास बजावलें आहे तें गाफीलपणाबद्दल. तें दंडशास्त्राचें वचन नव्हे, हें मान्य. पण पाल यांस परकें वाटलेलें तत्त्व आपल्या दप्तरांत परकें नाहीं, एवढ्यापुरता त्याचा उपयोग.

आतां त्या मळलेल्या शेवटच्या पानाकडे वळूं. काळानें विकार व दुराग्रह मऊ केले म्हणजे न्यायदेवता गतकाळच्या निंदास्तुतीची पुष्कळशी अदलाबदल करावयास लावील, अशा आशयाच्या एका वाक्यानें ग्रंथ संपतो. हेंच वाक्य पाल यांच्या जपानांतील स्मारकशिलांवर आहे. टोकियोच्या यासुकुनी देवस्थानांतील शिला २००५ सालची. पण तें वाक्य पाल यांचें नाहीं. तें अवतरण आहे, आणि मूळ वक्ता अमेरिकेंतील बंडखोर दक्षिण संस्थानांचा अध्यक्ष जेफर्सन डेव्हिस. हा योग विलक्षण म्हटला पाहिजे. डेव्हिसच्या राज्यांत जॉर्जियामध्यें अँडरसनव्हिल येथें कैद्यांची छावणी होती. तेथें १८६४-६५ मध्यें सुमारें ४५,००० कैद्यांपैकीं जवळजवळ १३,००० उपासमार, रक्तपिती व अतिसार यांनीं मेले. छावणीचा अधिकारी कॅप्टन विर्झ याजवर सैनिकी मंडळापुढें खटला होऊन ता. १० नोव्हेंबर १८६५ रोजीं त्यास फांशी झाली. युद्धगुन्ह्यांच्या खटल्यांच्या इतिहासांत हा आरंभींचा मोठा खटला गणतात. अध्यक्ष डेव्हिस दोन वर्षें किल्ल्यांत राहिला, जामिनावर सुटला, आणि राजद्रोहाचा खटलाही त्याजवर अखेर चालला नाहीं. शिपाई लटकला, धनी सुटला. सहाव्या भागाचा जो वादविषय, त्याच वादांतून निसटलेल्या मनुष्याचे शब्द पाल यांनीं भरतवाक्य म्हणून घ्यावेत, आणि पुढील पिढ्यांनीं ते शिलेवर कोरावेत!

उद्धृत करणारांची कथा याहून वाईट. जपानवरील परकीय सैन्याचा ताबा उठतांच १९५२ मध्यें तानाका मासाआकी या लेखकानें पाल यांच्या मताचें एक जपानी पुस्तक काढलें. त्याच्या नांवाचा अर्थ ‘जपान निरपराध’ असा होतो. पाल यांनीं पंचवीस माणसांस निर्दोष म्हटलें, राष्ट्रास प्रशस्तिपत्र दिलें नाहीं. शीर्षकानेंच ग्रंथाचा पाठ बदलला. हे तानाका पूर्वीं जनरल मात्सुई यांचे चिटणीस होते. पुढें त्यांनीं मात्सुईची रोजनिशी संपादून छापली, तेव्हां १९८५ मध्यें इताकुरा योशिआकी यांनीं ती मुळाशीं ताडून शेंकडों ठिकाणीं शब्द बदललेले, गाळलेले व घातलेले दाखवून दिले. नानकिंगच्या कत्तलीचे आंकडे फुगविलेले मानणाऱ्या पक्षांतले हे इताकुरा. तरीही त्यांनीं पाठशुद्धीपुढें पक्ष पाहिला नाहीं. संशोधक म्हणून मला त्यांजविषयीं आदर वाटतो.

आपल्याकडेही पाल यांचें मत ‘भारतीय धर्मयुद्धाच्या परंपरेचा उद्गार’ म्हणून सांगण्याची चाल आहे. निकालपत्राचा कणा पाश्चात्त्य विधिग्रंथांचा आहे, हें तें उघडून पाहणारास लगेच दिसेल. आणि परंपरेचेंच म्हणाल, तर मनूच्या सातव्या अध्यायांत विषारी व कूट शस्त्रांचा, तसेंच हात जोडलेल्यास, निःशस्त्रास व पळणाऱ्यास मारण्याचा निषेध आहे; कौटिल्यानेंही तेराव्या अधिकरणांत शरण आलेल्यास व न लढणाऱ्यास अभय द्यावें असें म्हटलें आहे. परंतु हे राजानें पाळावयाचे नियम होत. ते न पाळणाऱ्या जेत्यास कोणत्या सभेंत उभें करावें, हें दोघांनींही सांगितलेलें नाहीं. तेथें पाप आहे, दंड नाहीं.

जेत्याच्या न्यायाचा प्रश्न खऱ्या अर्थानें मांडला आहे तो शल्यपर्वांत. मांडी मोडून पडलेला दुर्योधन कृष्णास भीष्म, द्रोण, कर्ण व भूरिश्रवा यांच्या वधांतील अधर्म एकेक करून मोजून दाखवितो, आणि कवि त्याजवर पुष्पवृष्टि करवितो. पांडव लाजतात. पण म्हणून द्यूतसभा पुसली जात नाहीं, आणि लगेच पुढें सौप्तिकपर्वांत अश्वत्थाम्यानें रात्रीं केलेली कत्तल त्या तक्रारीनें धुतली जात नाहीं. व्यासांनीं दोन्हीं खातीं उघडीं ठेवलीं. पाल यांनींही वस्तुतः तसेंच केलें आहे. हिरोशिमावरील बाँबचा निर्णय हाच त्या युद्धांत नाझी पुढाऱ्यांच्या आज्ञांच्या सर्वांत जवळ येतो, असें ते निर्भयपणें लिहितात, आणि नानकिंगही लिहितात. वाचणारांनीं एक खातें फाडून टाकलें.

पुढील विधीनें त्यांच्या मताची वांटणी कशी केली हेंही पाहण्यासारखें आहे. १९९८ च्या रोम संविधीत, जी १ जुलै २००२ पासून अमलांत आली, सेनापतीच्या दुर्लक्षाची जबाबदारी अठ्ठाविसाव्या कलमांत स्पष्ट घातली गेली. येथें पाल हरले. आक्रमणाच्या अपराधाची व्याख्या मात्र २०१० मध्यें कंपाला येथें ठरली आणि न्यायालयास तो अधिकार १७ जुलै २०१८ पासून मिळाला. व्याख्या आधीं, खटला मागून, हा पाल यांचाच आग्रह, सत्तर वर्षें उशिरा मान्य झालेला. भारतानें ती संविधि अद्याप स्वीकारलेली नाहीं. पाल यांची थोरवी ज्या संसदेंत २००७ मध्यें जपानचे पंतप्रधान आबे यांनीं गाइली, त्या देशाची ही स्थिति आहे.

सहाव्या भागाचें मराठी भाषांतर मीं हातीं घेतलें असून नानकिंग व बतान येथवर तें झालें आहे. १९५३ च्या छापील पाठाचा टंकलिखिताशीं मेळ घालणें आवश्यक वाटतें. ज्यांच्या संग्रहीं टंकलिखिताची प्रत, खंडित कां होईना, असेल त्यांनीं मंडळाच्या पत्त्यावर कळविल्यास मी स्वतः येऊन, जागच्या जागीं पाहून परत करीन.